पुसणे आणि जागा करणे : हातातील खेळयंत्रांच्या स्मृतिकोशाचा इतिहास (१९७९–२०२५)

पुसलेल्या लेखाचे महत्त्व इतिहासाच्या अभ्यासकास निराळे सांगावयास नको. जुना मजकूर ठोकून सपाट करून त्याच पत्र्यावर नवे दान कोरलेले ताम्रपट भारतीय पुराभिलेखविद्येत परिचित आहेत. युरोपातील मठांत धुऊन पुन्हा लिहिलेल्या चर्मपत्रांचे वाचन तर एक स्वतंत्र शास्त्रच होऊन बसले आहे. साधन महाग आणि लिहावयाचे पुष्कळ अशी स्थिती जेथे उत्पन्न होते, तेथे काय ठेवावे व काय पुसावे हा प्रश्न उभा राहतोच. विसाव्या शतकाच्या अखेरीस आणि एकविसाव्याच्या आरंभी हा प्रश्न एका अनपेक्षित ठिकाणी, म्हणजे मुलांच्या हातातील खेळयंत्रात, प्रकट झाला. ‘जागा शिल्लक नाही, काही खेळ काढून टाका’ ही सूचना लक्षावधी घरांतून वाचली गेली. तिच्यामागचा इतिहास क्षुल्लक समजण्याचे कारण नाही. वस्तू, तिचा वापर आणि तिच्यावरील मालकी यांचे परस्परसंबंध त्या इतिहासात स्पष्टपणे उमटले आहेत.

१. न पुसता येणारा खेळ

हातात धरून खेळावयाच्या यंत्रात खेळ बदलण्याची सोय प्रथम अमेरिकेतील मिल्टन ब्रॅडली कंपनीच्या ‘मायक्रोव्हिजन’ या यंत्राने १९७९ साली केली. पुढील वर्षी जपानच्या निन्टेन्डो कंपनीने ‘गेम अँड वॉच’ ही मालिका काढली. तीत प्रत्येक यंत्रात ठरावीक खेळ कायमचा बसविलेला असे. २१ एप्रिल १९८९ रोजी जपानात ‘गेम बॉय’ विक्रीस आला आणि कार्ट्रिज ही वस्तू सर्वतोमुखी झाली. योकोई गुनपेई यांच्या विभागात तयार झालेल्या या यंत्रात कामापुरती स्मृती अवघी ८ किलोबाइट होती आणि चित्रासाठी तितकीच निराळी होती. वीज बंद होताच ती रिकामी होई. खेळ मात्र कार्ट्रिजमधील वाचनीय स्मृतीत कारखान्यातच कोरलेला असे. ‘टेट्रिस’चा सगळा खेळ ३२ किलोबाइटांत मावत असे.

या व्यवस्थेत खेळ पुसण्याचा प्रश्नच उद्भवत नव्हता. यंत्रात साठवण नव्हती. म्हणून ती भरतही नसे. जागेची अडचण आलीच तर ती कपाटात येई. नको असलेले कार्ट्रिज विकले, मित्राशी बदलले किंवा धाकट्या भावंडास दिले, म्हणजे प्रश्न मिटला. पुसले जाई ते केवळ खेळणाऱ्याचे कर्तृत्व. टेट्रिसमध्ये मिळविलेले गुण यंत्र बंद करताच नाहीसे होत. भारतातील बाजारांत १९९० नंतर स्वस्तात मिळू लागलेल्या ‘ब्रिक गेम’ यंत्रांचीही हीच कथा होती. सेल काढला की सर्वोच्च गुणसंख्या गेली, हा अनुभव महाराष्ट्रातील एका पिढीच्या चांगला परिचयाचा आहे.

२. विजेवर टिकलेली नोंद

खेळ लांबत चालले तशी खेळणाऱ्याची प्रगती टिकवून ठेवण्याची निकड निर्माण झाली. यावर उपाय निघाला तो असा : कार्ट्रिजमध्येच लिहिता येण्याजोगी थोडी स्मृती ठेवावयाची व एका लहानशा गोल बॅटरीने ती जागती ठेवावयाची. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी जपानात प्रकाशित झालेल्या ‘पोकेमॉन’च्या लाल व हिरव्या आवृत्त्यांत ही योजना होती. खेळाची नोंद, जिला खेळणारे ‘सेव्ह’ म्हणतात, तीत एकच मावत असे. घरात दोन मुले व कार्ट्रिज एक असेल, तर दुसऱ्याचा आरंभ हा पहिल्याचा अंत ठरे. जुनी नोंद मुद्दाम पुसावयाची असल्यास आरंभीच्या चित्रावर तीन खुणा एकाच वेळी दाबाव्या लागत. चुकून हात लागून महिन्यांचे श्रम वाया जाऊ नयेत, हा त्यातील हेतू उघड आहे.

येथे एक महत्त्वाचा भेद प्रथमच दृष्टीस पडतो. खेळ व खेळाची नोंद या दोन वस्तू एकाच कवचात राहत असल्या तरी त्यांचे स्वरूप भिन्न होते. पहिली सर्व कार्ट्रिजांत सारखी आणि अपरिवर्तनीय, तर दुसरी प्रत्येकाची निराळी आणि नश्वर होती. १९९९ सालच्या ‘पोकेमॉन’च्या सोनेरी व रुपेरी आवृत्त्यांत कालमापनाचे घड्याळही त्याच बॅटरीवर चाले; त्यामुळे ती लवकर संपे. आज ती कार्ट्रिजे उघडणाऱ्यास खेळ शाबूत, पण नोंद गेलेली, असा प्रकार वारंवार आढळतो. कोणीही न पुसता घडलेले हे पुसणे होय.

३. दुकानातील पुनर्लेखन

पुसून पुन्हा लिहिण्याची कल्पना व्यापाराच्या रूपाने आधी आली, ही गोष्ट सहसा ध्यानात घेतली जात नाही. १९८६ साली निन्टेन्डोने घरगुती ‘फॅमिकॉम’ यंत्रासाठी चुंबकीय तबकडीची योजना काढली. ग्राहकाने आपली तबकडी दुकानात न्यावी, ५०० येन द्यावेत आणि तेथील यंत्राकडून जुना खेळ पुसून नवा लिहून घ्यावा, अशी ती पद्धत होती. हातातील यंत्रांपर्यंत ही पद्धत २००० साली पोचली. ‘निन्टेन्डो पॉवर’ या नावाने जपानातील लॉसन दुकानांतून गेम बॉयसाठी पुनर्लेखनीय कार्ट्रिज मिळू लागले. त्यात १ मेगाबाइटची स्मृती खंडांत विभागलेली असे. लहान खेळास एक खंड पुरे, मोठ्यास अनेक लागत. नव्या खेळास जागा हवी तर जुन्यावर पाणी सोडणे भाग पडे.

जागा मोकळी करण्याच्या विवंचनेचे सर्व घटक येथे प्रथम एकत्र आलेले दिसतात. मर्यादित जागा, खंडांत केलेले मोजमाप, आणि ‘हा ठेवावा की तो’ हा निर्णय, असे ते तीन घटक होत. फरक इतकाच की पुसण्याची कृती दुकानात होई आणि तिला पैसे पडत. पैसे पडत असल्यामुळे पुसणे हे विचारपूर्वक करावयाचे कृत्य होते. ही सेवा फेब्रुवारी २००७ मध्ये संपुष्टात आली.

४. ज्या स्मृतीचे नावच पुसण्यावरून पडले

ही पद्धत शक्य झाली ती फ्लॅश स्मृतीमुळे. तोशिबा कंपनीतील मासुओका फुजिओ यांनी तिचे पहिले रूप १९८४ साली विद्वत्सभेपुढे मांडले व १९८७ साली नँड हा अधिक दाट प्रकार पुढे आणला. या स्मृतीत बॅटरीवाचून मजकूर टिकतो. तो लिहिताना थोडा थोडा लिहिता येतो, पण पुसताना संपूर्ण खंड एकदम पुसावा लागतो. हे एका झटक्यात होणारे पुसणे पाहून मासुओकांच्या एका सहकाऱ्यास छायाचित्रकाराच्या दिव्याची चमक आठवली, आणि त्यावरून ‘फ्लॅश’ हे नाव रूढ झाले. जी स्मृती पुढे सर्वांच्या खिशात गेली, तिचे नाव स्मरणावरून पडले नसून विलोपनावरून पडले आहे.

सोनीच्या ‘प्लेस्टेशन पोर्टेबल’ या डिसेंबर २००४ च्या यंत्रात खेळ १·८ गिगाबाइटच्या लहान तबकडीवर व नोंद निराळ्या मेमरी कार्डावर अशी वाटणी होती. २००८ साली जपानात आलेल्या ‘निन्टेन्डो डीएसआय’ने यंत्रातूनच खेळ विकत घेऊन उतरवून घेण्याची सोय केली. ग्राहकास दिलेली जागा १०२४ खंडांची होती. कार्डावर हलविलेला खेळ तेथून चालविता येत नसे, तो परत यंत्रात आणावा लागे. १ ऑक्टोबर २००९ रोजी पाश्चात्त्य देशांत आलेल्या ‘पीएसपी गो’मध्ये तबकडीच नव्हती, १६ गिगाबाइटची अंतर्गत स्मृती हेच तिचे कपाट होते. २०११ सालच्या ‘व्हिटा’ यंत्राने स्वतःच्याच विशिष्ट आकाराची कार्डे वापरावयास लावली. बाजारातील सर्वसाधारण कार्ड तीत चालत नसल्याने जागा विकत घेण्यापेक्षा खेळ पुसणे अनेकांस परवडे.

अशा रीतीने पुसण्याचा अधिकार दुकानातून खेळणाऱ्याच्या अंगठ्याखाली आला आणि तो फुकट झाला. याच वेळी ते एक घरकामही झाले. केर काढावा तशी जागा अधूनमधून मोकळी करावी लागू लागली.

५. ‘पुसणे’ या शब्दाचे तीन अर्थ

विलोपनाची कृती एकच दिसत असली तरी तीत तीन निरनिराळ्या वस्तू गुंतलेल्या असतात. खेळाची प्रत, खेळणाऱ्याची नोंद आणि खेळ पुन्हा मिळविण्याचा हक्क, अशा त्या तीन वस्तू होत. प्रत्येक यंत्राने या तिघांचा संबंध निराळा जोडला.

डीएसआयवर उतरवून घेतलेला खेळ पुसला की त्याची नोंदही जाई. व्हिटावरही तसेच होते. ज्याने केवळ जागेसाठी खेळ काढला, त्यास आपली प्रगतीही गमवावी लागल्याचे मागाहून कळे. २०११ सालच्या ‘थ्रीडीएस’ने मधला मार्ग स्वीकारला, तेथे खेळ पुसताना नोंदीची प्रत राखून ठेवण्याचा पर्याय पुढे येई. ३ मार्च २०१७ रोजी आलेल्या ‘स्विच’ यंत्राने दोन्ही वस्तू पूर्णपणे विभक्त केल्या. खेळ कार्डावर राहू शके, पण नोंद यंत्राच्या अंतर्गत स्मृतीतच असे. आणि खेळ काढल्याने ती बाधित होत नसे. शिवाय विलोपनाचेही दोन प्रकार झाले. एकात खेळ समूळ जाई. दुसऱ्यात मजकूर जाऊन चित्र तेवढे पडद्यावर राही, म्हणजे पुन्हा उतरवून घेण्याची आठवण राहावी. या दुसऱ्या प्रकारास यंत्राच्या इंग्रजी परिभाषेत ‘आर्काइव्ह’ म्हटले गेले, ही बाब अभ्यासकाने विशेष लक्षात घेण्याजोगी आहे. ज्या शब्दाने शतकानुशतके मूळ कागद जपून ठेवण्याची जागा दर्शविली, तोच शब्द येथे मूळ टाकून देऊन केवळ सूचीतील नाव राखण्यासाठी योजला गेला.

या बदलास भौतिक कारण होते. स्विचची अंतर्गत स्मृती ३२ गिगाबाइट होती आणि तीतीलही काही भाग यंत्राच्या स्वतःच्या कामास लागे. इकडे २०१९ साली स्विचवर आलेल्या ‘द विचर ३’ या एकाच खेळाचे कार्ड ३२ गिगाबाइटचे होते. ५ जून २०२५ रोजी आलेल्या ‘स्विच २’मध्ये स्मृती २५६ गिगाबाइट झाली, परंतु त्याच वेळी असे कार्डही विकले जाऊ लागले की ज्यात खेळ नसून खेळ उतरवून घेण्याची किल्ली तेवढी असते. कार्ट्रिज हाती आहे, तरीही जागेची विवंचना सुटत नाही, अशी ही नवी अवस्था आहे.

६. दुकान मिटल्यानंतर

पुसणे निर्धास्त झाले ते एका आश्वासनाच्या बळावर : आज काढलेला खेळ उद्या पुन्हा मिळेल. हे आश्वासन दुकान चालू असेपर्यंतचे होते. डीएसआयचे दुकान ३१ मार्च २०१७ रोजी बंद झाले. मार्च २०२१ मध्ये सोनीने पीएसपी व व्हिटा यांची दुकाने बंद करण्याचे जाहीर केले. ग्राहकांच्या नाराजीनंतर एप्रिलमध्ये व्हिटापुरता तो निर्णय मागे घेण्यात आला, पण पीएसपीवरील खरेदीची सोय २ जुलै २०२१ रोजी संपली. थ्रीडीएसचे दुकान २७ मार्च २०२३ रोजी मिटले. पूर्वी घेतलेले खेळ पुन्हा उतरवून घेण्याची सोय तेव्हा ठेवण्यात आली. तथापि ती कंपनीची इच्छा होय, ग्राहकाचा शाश्वत हक्क नव्हे. दुकान चालू असताना जे विलोपन ‘तात्पुरते’ होते, ते दुकान आणि ही सोय मिटताच मागील तारखेपासून कायमचे ठरते. पुसणाऱ्याने कृती एक केली आणि तिचा अर्थ पुढे दुसऱ्या कोणी बदलला.

जे खेळ कार्ट्रिजच्या रूपाने कधी निघालेच नाहीत, त्यांच्या बाबतीत याचे गांभीर्य अधिक आहे. ‘व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन’ या अमेरिकी संस्थेने २०२३ साली प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार, २०१० पूर्वी त्या देशात निघालेल्या खेळांपैकी सुमारे ८७ टक्के खेळ चालू बाजारात उपलब्ध नव्हते. ग्रंथालयांनी असे खेळ अभ्यासकांस दुरून पाहू द्यावेत, यासाठी मागितलेली सवलत अमेरिकेच्या स्वामित्वहक्क कार्यालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये नाकारली. जपानच्या राष्ट्रीय संसद ग्रंथालयाकडे २००० सालापासून वेष्टित स्वरूपातील खेळ कायद्याने जमा होतात. परंतु ज्यास वेष्टनच नाही तो खेळ या व्यवस्थेच्या कक्षेत सहज येत नाही. त्याची प्रत एखाद्या जुन्या यंत्रातच उरलेली असते, आणि ते यंत्र ज्याच्या हाती आहे तो जागा करण्यासाठी ती केव्हा पुसेल याचा नेम नसतो.

उपसंहार

वरील विवेचनावरून पुढील निष्कर्ष संभवतात. पहिला असा की हातातील खेळयंत्रांत पुसण्याची आवश्यकता केवळ साठवण अपुरी असल्याने उत्पन्न झाली नाही; खेळ ही वस्तू कपाटातून निघून यंत्रात शिरली, तेव्हा ती उत्पन्न झाली. दुसरा असा की जागा जसजशी वाढली तसतसे खेळही वाढले; त्यामुळे ही विवंचना ८ किलोबाइटच्या यंत्रात नव्हती, ती २५६ गिगाबाइटच्या यंत्रात आहे. तिसरा असा की पुसणे जितके स्वस्त झाले तितके त्याचे परिणाम पुसणाऱ्याच्या दृष्टीआड गेले.

या काळाचा इतिहास लिहिणाऱ्याने प्रत्येक यंत्राच्या बाबतीत तीन तारखा काटेकोरपणे नोंदविणे अगत्याचे आहे. यंत्राचे उत्पादन केव्हा थांबले, खरेदी केव्हा थांबली आणि पुन्हा उतरवून घेण्याची सोय केव्हा थांबली, या त्या तारखा होत. पहिल्या दोन वृत्तपत्रांत सापडतात. तिसरी बहुधा गाजावाजा न होता येऊन जाते. आणि एखादी साधनसामग्री खऱ्या अर्थाने नष्ट होण्याचा आरंभ तिसऱ्या तारखेपासूनच होत असतो. ताम्रपटावरील ठोकलेल्या अक्षरांची पुसट रेघ तिरप्या उजेडात वाचता येते. मेमरी कार्डावर पुसलेल्या खेळाच्या बाबतीतही प्रथम सूचीतील नाव तेवढे जाते, मजकूर त्यावर दुसरे लिहीपर्यंत राहतो. पण तो काळ दिवसांचा असतो, शतकांचा नव्हे. म्हणून अशा साधनांचा शोध, जुनी यंत्रे कार्यक्षम आहेत आणि ती बाळगणारी माणसे हयात आहेत तोवरच, हाती घेणे इष्ट होय.