पटकथाकार माडगूळकर

ग. दि. माडगूळकर हे नाव उच्चारताच १९५५ सालच्या रामनवमीला पुणे आकाशवाणीवरून सुरू झालेले 'गीतरामायण' प्रथम आठवते. भिलाईजवळच्या मरोद्यासारख्या दूरच्या ठिकाणी राहणाऱ्या मराठी श्रोत्यालाही हा कवी आपला वाटतो. पण या कवीच्या तेजापुढे त्यांच्यातला पटकथाकार आणि नट काहीसा झाकोळून गेला आहे.

माडगूळकरांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे येथे झाला. शिक्षण अपुरे राहिले, घरची ओढगस्त होती, आणि पोटासाठी ते कोल्हापूरच्या चित्रसृष्टीत शिरले. मास्टर विनायकांच्या 'ब्रह्मचारी' (१९३८) या चित्रपटात त्यांनी लहानशी भूमिका केली. पुढेही ते अधूनमधून पडद्यावर येत राहिले. ज्याने स्वतः तोंडाला रंग लावला आहे, त्याला कोणते वाक्य नटाच्या जिभेवर रुळेल आणि कोणते अडेल हे निराळे सांगावे लागत नाही. त्यांचे संवाद पुस्तकी का वाटत नाहीत, याचे एक कारण येथे असावे.

'रामजोशी' (१९४७) या चित्रपटाने त्यांची लेखणी सर्वतोमुखी केली. पुढे राजा परांजपे यांचे दिग्दर्शन, सुधीर फडके यांचे संगीत आणि माडगूळकरांचे लेखन असा त्रिवेणी संगम जुळला. 'लाखाची गोष्ट' (१९५२) आणि 'जगाच्या पाठीवर' (१९६०) ही त्याची फळे. कथा, संवाद आणि गीते एकाच हातची असल्यामुळे गाणे प्रसंगावर चिकटवलेले वाटत नाही. ते प्रसंगातूनच उमलते.

त्यांच्या पटकथेचे मोठे यश मात्र हिंदीत आहे. औंधच्या पंतप्रतिनिधींनी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांची खुली वसाहत वसविली होती. भिंतीवाचून तुरुंग, पहारा फक्त विश्वासाचा! आपल्याच मुलखातल्या या प्रयोगाला माडगूळकरांनी कथारूप दिले. सहा कैद्यांना घेऊन माळरान फुलवू पाहणारा जेलर त्यातून उभा राहिला. व्ही. शांताराम यांचा 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) हा तो चित्रपट. १९५८ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला.

गाणे कंठात राहते म्हणून जगते. पटकथा चित्रपटात विरघळून जाते आणि लिहिणारा विसरला जातो. १४ डिसेंबर १९७७ रोजी माडगूळकर निवर्तले. त्यांची गीते आपण जपली आहेतच. ती ज्या कथांच्या कुशीत जन्मली, त्या कथा रचणाऱ्या लेखकाचेही ऋण आपण मानले पाहिजे.