माळरानाचा कारवानी कुत्रा

श्रोतेहो, सोलापूर-लातूरकडच्या एखाद्या वस्तीवर गेलात, तर दारात कधी कधी उंच, सडपातळ कुत्रा दिसतो. बरगड्या मोजून घ्याव्यात, पोट पाठीला लागलेले. नवखा पाहुणा विचारतो, "का हो, याला खायला घालीत नाही की काय?" मालक नुसता हसतो. कुत्रा उपाशी नसतो; त्याची घडणच तशी आहे. याला आपण कारवानी म्हणतो, कर्नाटकात मुधोळ म्हणतात.

ही घडण समजायची तर आधी मुलूख बघा. दख्खनच्या पठाराचा हा भाग पर्जन्यछायेतला. पाऊस कमी, ऊन कडक, माळ उघडा. तापलेल्या कोरड्या जमिनीवर वास फार वेळ टिकत नाही. नजर मात्र लांब पोचते. म्हणून येथे हुंगत जाणाऱ्यापेक्षा पाहून धावणारा कुत्रा कामाचा ठरला. ससा क्षणात दिशा बदलतो. त्याला गाठायचे तर पाय लांब हवेत, कणा लवचीक हवा, दमासाठी छाती खोल हवी. जो कुत्रा शिकार आणी, त्याचीच पिले लोक मागून नेत. पिढ्यान्‌पिढ्या अशी निवड होत गेली.

उन्हाचेही तसेच. कुत्र्याला आपल्यासारखा अंगभर घाम येत नाही. तो धापा टाकून अंग निववतो. अंग बारीक आणि केस आखूड असले, म्हणजे उष्णता लवकर बाहेर पडते.

मुधोळच्या घोरपडे राजांनी या जातीला आश्रय दिला. १९४८ साली ते संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले. पुढे १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने काळविटाच्या शिकारीला बंदी आली. काळवीट वाचले, हे योग्यच झाले. पण कुत्र्याचे पिढीजात काम गेले. २००५ साली मुधोळचे चित्र टपाल तिकिटावर आले, २०१६ साली त्याची पिले लष्करी प्रशिक्षणासाठी मेरठला गेली. मान मिळाला खरा. पण नुसत्या मानाने जात टिकते काय?

पशुपालक बंधूंनो, या कुत्र्याला दिवसभर साखळीला बांधून जाड करू नका. सकाळी मोकळ्या माळावर पळू द्या, राखणीचे काम द्या, आणि हौसेपायी भलत्या जातीशी संकर करू नका. शिक्षकांनो, मुलांना घेऊन एकदा अशा वस्तीवर जा. छाती, पाय, केस एकेक दाखवा आणि विचारा, "हे असे का बरे?" उत्तर पुस्तकात शोधावे लागणार नाही; ते समोरच्या माळावर दिसेल.