दिल्लीहून पानिपत : एका दिवसाची ऐतिहासिक सहल

दिल्लीच्या उत्तरेस सुमारे ९० किलोमीटरवर वसलेले पानिपत हे हरियाणातील शहर राष्ट्रीय राजधानी क्षेत्रात समाविष्ट आहे. या शहराच्या परिसरात तीन निर्णायक लढाया झाल्या. २१ एप्रिल १५२६ रोजी बाबराने इब्राहीम लोदीचा पराभव केला. ५ नोव्हेंबर १५५६ रोजी अकबराच्या सैन्याने हेमूला हरवले. १४ जानेवारी १७६१ रोजी सदाशिवरावभाऊंच्या नेतृत्वाखालील मराठी फौजेचा अहमदशाह अब्दालीने दारुण पराभव केला. ‘पानिपत होणे’ हा मराठीतील वाक्प्रचार या तिसऱ्या लढाईची देणगी आहे. सकाळी दिल्लीहून निघून, जाणकार मार्गदर्शकासह हा प्रदेश पाहून रात्रीपर्यंत परत येता येते.

उत्तर भारताच्या सहलीवर निघालेल्या अनेक मराठी पर्यटकांचे पानिपतदर्शन मात्र अर्ध्या तासात उरकते. कुरुक्षेत्र किंवा अमृतसरकडे जाताना बस काला आंब येथील स्मारकापाशी थांबते, स्तंभाजवळ छायाचित्रे काढली जातात आणि प्रवास पुढे सुरू होतो. विटांचा साधा स्तंभ, भोवती लोखंडी कुंपण आणि बाग एवढेच पाहून काहींची निराशाही होते. लढाई एका दिवसात संपली असली तरी तिची कारणे आधीच्या अडीच महिन्यांत आणि दिल्ली ते पानिपत या पट्ट्यात शोधावी लागतात. म्हणूनच मार्गदर्शक पानिपतला गाठण्यापेक्षा तो दिल्लीपासूनच सोबत घेणे श्रेयस्कर ठरते.

मार्गदर्शक ठरवताना त्याच्याकडे पर्यटन मंत्रालयाचा परवाना आहे ना, याची खात्री करून घ्यावी. दिल्लीतील मार्गदर्शकांचा अभ्यास साहजिकच सल्तनत आणि मोगल काळाचा अधिक असतो. १७६० सालच्या हालचाली त्यांना ठाऊक आहेत का, हे आधी विचारलेले बरे. बुराडी, बागपत आणि सनौली ही तीन नावे उच्चारली की समोरच्याची तयारी लगेच कळते.

दिल्लीतून निघताना

लाल किल्ला या सहलीत कोंबू नये. तो आदल्या दिवशी पाहावा आणि तो सोमवारी बंद असतो, हे लक्षात ठेवावे. भाऊंनी ऑगस्ट १७६० मध्ये दिल्ली घेतली आणि फौजेचा खर्च भागवण्यासाठी दिवाण-ए-खासमधील चांदीचे छत काढून त्याची नाणी पाडली. आज तेथे दिसणारे रंगीत लाकडी छत १९११ मधील आहे. ही हकिकत सांगताना लुटीवर भर देण्याची मार्गदर्शकांची सवय आहे. नादिरशाहाने १७३९ मध्ये आणि खुद्द अब्दालीने १७५७ मध्ये दिल्ली आधीच धुऊन नेली होती, बादशाही खजिन्यात काही उरले नव्हते आणि पुण्याहून पैसा येत नव्हता, हा भाग बहुधा सांगायचा राहून जातो. पुढच्या उपासमारीची चाहूल या छतातच लागते.

सहलीचा पहिला थांबा बुराडीचा घ्यावा. यमुनेच्या पश्चिम काठावरील हा भाग आता दिल्लीची दाट वस्ती बनला आहे. १० जानेवारी १७६० रोजी येथील घाटावर, नदीपात्रातील झाडोऱ्यात अब्दाली आणि नजीबखानाच्या फौजेशी लढताना दत्ताजी शिंदे धारातीर्थी पडले. त्यांचे पुतणे जनकोजी जखमी झाले. ‘बचेंगे तो और भी लढेंगे’ हे दत्ताजींच्या तोंडचे म्हणून सांगितले जाणारे उत्तर शाळेपासून प्रत्येक मराठी माणसाला माहीत असते. ते जेथे उच्चारले गेले असे मानतात, ती जागा दिल्लीच्या बाह्य वळणमार्गापासून जवळच आहे, हे मात्र फारच थोड्यांना ठाऊक असते. येथे पाहण्यासारखी वास्तू नसली तरी दहा मिनिटे थांबावे. भाऊंची मोहीम दक्षिणेतून निघाली ती या पराभवानंतरच.

शेरशाहाचा रस्ता आणि यमुनेचे खोरे

दिल्ली सोडल्यानंतर राष्ट्रीय महामार्ग क्रमांक ४४ लागतो. शेरशाह सूराने सोळाव्या शतकात बांधून काढलेल्या, पेशावर ते बंगाल या जुन्या राजमार्गाचाच हा भाग आहे. २०२०-२१ मध्ये ज्या सिंघू सीमेवर शेतकऱ्यांनी वर्षभर ठाण मांडले, ती याच रस्त्यावर आहे. दिल्लीवर येणाऱ्या अनेक फौजा आणि फिर्यादी शतकानुशतके याच वाटेने आल्या आहेत.

सिंघू मागे पडल्यावर गोदामे आणि गृहसंकुले हळूहळू विरळ होतात आणि सपाट शेते सुरू होतात. जानेवारी-फेब्रुवारीत गव्हाची हिरवी आणि मोहरीची पिवळी पट्टी क्षितिजापर्यंत पसरलेली दिसते. पावसाळ्यात तीच जमीन भातखाचरांनी भरते. उसाच्या बैलगाड्यांची जागा आता ट्रॅक्टरांनी घेतली आहे. डोंगर कोठेही नाही. सह्याद्रीच्या आडोशाने लढण्याची सवय असलेल्या फौजेला हा मोकळा माळ कसा वाटला असेल, याची कल्पना खिडकीतून बाहेर पाहताना येते. येथील शेतकरी जमिनीचे दोन प्रकार सांगतात. नदीकाठच्या सखल, पुराच्या जमिनीला ‘खादर’ आणि पूर न पोहोचणाऱ्या उंच जमिनीला ‘बांगर’ म्हणतात. मार्गदर्शकाने हा फरक शेतात उतरून दाखवला तर पुढचे बरेचसे वर्णन सोपे होते, कारण पानिपत शहर बांगरावर आहे आणि त्याच्या पूर्वेस यमुनेपर्यंत खादर पसरले आहे.

रस्त्यालगतच्या शेतांत मधूनच विटांचे गोलाकार, वर निमुळते होत जाणारे मनोरे दिसतात. हे मोगलकालीन कोस मिनार होत. दर कोसाला, म्हणजे सुमारे तीन किलोमीटरला एक याप्रमाणे ते बांधले गेले. उंची साधारण नऊ मीटर. वाटसरू आणि डाकेच्या स्वारांना अंतर कळावे हा त्यांचा उद्देश. सर्वाधिक कोस मिनार हरियाणातच टिकून आहेत. दिल्लीच्या प्राणिसंग्रहालयाच्या आवारातही एक उभा आहे.

न्याहारीसाठी मुरथळ. तंदुरी पराठे आणि त्यावरचा लोण्याचा गोळा यांसाठी येथील ढाबे प्रसिद्ध आहेत. ट्रकचालकांसाठी सुरू झालेल्या या ढाब्यांचे आता प्रचंड उपाहारगृहांत रूपांतर झाले आहे. दोनांपेक्षा अधिक पराठे खाणाऱ्याला पुढील इतिहास ऐकताना डुलकी लागण्याची शक्यता गृहीत धरावी.

मुरथळ सोनीपत जिल्ह्यात आहे. येथून पूर्वेला, यमुनेपलीकडे उत्तर प्रदेशातील बागपत लागते. या सहलीतील सर्वांत महत्त्वाची जागा हीच, आणि बहुतेक गाड्या येथे केवळ पराठ्यांसाठी थांबतात. ऑक्टोबर १७६० मध्ये भाऊंनी दिल्लीहून उत्तरेकडे कूच करून कर्नालजवळचे कुंजपुरा जिंकले. तेथे धान्य आणि द्रव्य हाती लागले. यमुना दुथडी भरलेली असल्याने पैलतीरावरचा अब्दाली इतक्यात पार होणार नाही, असा मराठ्यांचा होरा होता. महिन्याच्या अखेरीस त्याने बागपतजवळ उतार शोधून नदी ओलांडली आणि तो मराठी फौज व दिल्ली यांच्या मधोमध येऊन उभा राहिला. समालख्याच्या परिसरात दोन्ही बाजूंच्या आघाड्या भिडल्या. भाऊंनी मागे वळून पानिपतचा आश्रय घेतला, शहराभोवती खंदक खणले आणि तोफा मांडल्या. त्या क्षणी परिस्थिती उलटी झाली होती. उत्तरेकडून आलेला शत्रू दक्षिणेला होता आणि दक्षिणेतून आलेले मराठे उत्तरेला. घरची वाट अब्दालीच्या छावणीतून जात होती. ही गोष्ट पुस्तकातील नकाशावरून जितकी कळत नाही, तितकी सोनीपतच्या रस्त्यावर उभे राहून कळते.

पानिपत शहर

महामार्गावरचा लांबलचक उड्डाणपूल पानिपत शहराच्या डोक्यावरून जातो, त्यामुळे शहर न पाहताच पुढे निघून जाणे सहज शक्य आहे. खाली उतरल्यावर प्रथम दिसते ते कापडाचे शहर. १९४७ च्या फाळणीनंतर येथील मुस्लिम विणकर पाकिस्तानात गेले आणि तिकडून आलेल्या निर्वासितांनी मागांचा व्यवसाय उभा केला. परदेशांतून येणारे जुने लोकरी कपडे पिंजून त्यांच्या सुतापासून घोंगड्या आणि ब्लँकेट बनवणारे हे जगातील एक मोठे केंद्र आहे.

बाबराने पहिल्या लढाईतील विजयानंतर बांधलेली काबुली बाग मशीद आणि इब्राहीम लोदीची कबर या दोन जागा पाहण्यास तासभर पुरतो. लोदीच्या नशिबी विटांचा साधा चौथरा आला. सुफी संत बू अली शाह कलंदर यांचा दर्गा जुन्या शहराच्या गर्दीत आहे. १३२४ मध्ये निधन पावलेल्या या संताच्या दर्ग्यातच उर्दू कवी अल्ताफ हुसेन हाली यांचीही कबर आहे. येथे डोके झाकून जावे. तलावाकाठच्या देवी मंदिराचा संबंध स्थानिक परंपरा मराठ्यांशी जोडते.

काला आंब शहराबाहेर, सनौलीच्या बाजूला आहे. येथील आंब्याच्या झाडाची पाने लढाईतील रक्ताने काळी पडली, अशी आख्यायिका आहे. भाऊ येथूनच लढत होते, असे परंपरा सांगते. या ठिकाणी मार्गदर्शकाने आख्यायिकेत फार वेळ न घालवता दिवसाचा क्रम सांगावा. धान्य संपले होते, दुआबातून रसद पाठवणारे गोविंदपंत बुंदेले डिसेंबरमध्ये मारले गेले होते, लढवय्यांबरोबर तीर्थयात्रेला निघालेली माणसे आणि बायकामुले होती. उपाशी फौज दिल्लीच्या दिशेने वाट फोडण्यासाठी बाहेर पडली. सकाळी इब्राहीमखान गारद्याच्या पलटणींनी रोहिल्यांची फळी मोडली. दुपारी विश्वासराव गोळी लागून पडले, अब्दालीने राखून ठेवलेले सैन्य आणि उंटांवरच्या जंबुरका पुढे आणल्या आणि संध्याकाळपर्यंत सारे संपले. शुजाउद्दौल्याच्या पदरी असलेल्या काशीराजाने डोळ्यांदेखत पाहिलेला हा दिवस फारसीत लिहून ठेवला आहे. त्र्यं. शं. शेजवलकरांचा ‘पानिपत : १७६१’ हा ग्रंथ किंवा विश्वास पाटील यांची १९८८ मधील ‘पानिपत’ कादंबरी वाचून आलेल्या पर्यटकांच्या शंका येथे संपता संपत नाहीत.

लढाई संक्रांतीच्या दिवशी झाली, हा समजही येथे हमखास ऐकू येतो. आजच्या दिनदर्शिकेवरून तो झाला आहे. संक्रांतीची इंग्रजी तारीख सुमारे सत्तर वर्षांत एका दिवसाने पुढे सरकते. स्वामी विवेकानंद १८६३ मध्ये संक्रांतीला जन्मले ती तारीख १२ जानेवारी होती. १७६१ मध्ये संक्रांत त्याच्याही आधीच होऊन गेली होती.

दरवर्षी १४ जानेवारीला काला आंब येथे शौर्यदिन साजरा होतो. हरियाणातील रोड समाजातील अनेक जण स्वतःला पानिपतातून वाचलेल्या मराठी सैनिकांचे वंशज मानतात आणि ते या कार्यक्रमाला मोठ्या संख्येने येतात. या दाव्याविषयी इतिहासकारांत एकमत नाही. कार्यक्रमाला २०२५ मध्ये महाराष्ट्राचे मुख्यमंत्री देवेंद्र फडणवीस उपस्थित होते.

वेळ हाताशी असल्यास सनौलीच्या पुलापर्यंत जावे. पुलापलीकडे उत्तर प्रदेशातील कैराना आहे. गेल्या अडीच शतकांत यमुनेने पात्र बदलले आहे, असे अभ्यासक मानतात. त्यामुळे छावणीचे नदीपासूनचे तेव्हाचे अंतर आजच्या पुलावरून मोजू नये. बागपत जिल्ह्यातील सिनौली हे गाव वेगळे. तेथे २०१८ मध्ये पुरातत्त्व खात्याला प्राचीन दफनभूमीत चाकांची वाहने सापडली. नावांच्या साधर्म्यामुळे चालक भलत्याच गावी नेतात, म्हणून ‘पानिपतची सनौली’ असे स्पष्ट सांगावे.

सहलीसाठी फेब्रुवारी आणि मार्चचा पूर्वार्ध हा काळ उत्तम. डिसेंबर-जानेवारीत या पट्ट्यात दाट धुके पडते, महामार्गावर काही फुटांपलीकडचे दिसत नाही आणि अपघात होतात. शौर्यदिनासाठी जाणाऱ्यांनी भल्या पहाटे मोटारीने निघण्याऐवजी आदल्या दिवशी पानिपतला मुक्काम करावा. रेल्वेचाही पर्याय आहे, मात्र धुक्याच्या दिवसांत गाड्या उशिरा धावतात. परतीच्या प्रवासाला दुपारी चारच्या सुमारास निघाल्यास अंधार आणि धुके उतरण्यापूर्वी दिल्लीची हद्द गाठता येते.