देवी, धर्म आणि एक काकडी

मराठीत देवी ‘येत’ असत, देवीचे वण चेहऱ्यावर राहत, आणि पुढे लस टोचण्यालाही आपण ‘देवी काढणे’ असेच म्हटले. ज्या समाजाने रोगाला आराध्याचे नाव दिले, त्याला लस घ्यायला सांगणे म्हणजे दारी आलेल्या देवीला परतवायला सांगणेच होते. १८०२ च्या जूनमध्ये मुंबईत अ‍ॅना डस्टहॉल या तीन वर्षांच्या मुलीला भारतातील पहिली लस टोचली गेली. देवी देशातून गेल्या त्या १९७५ साली. हा इतिहास आपण वर्गात सहसा विज्ञानाचा विजय म्हणून सांगतो. सिंहभूममधील एक प्रसंग मात्र त्या सांगण्यात नीट बसत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मोहिमेतील अमेरिकी डॉक्टर लॉरेन्स ब्रिलियंट यांनी १९७८ मध्ये तो लिहून ठेवला. तेव्हाच्या बिहारमधील (आजच्या झारखंडमधील) हो आदिवासींच्या एका गावात मुखियाने लस नाकारली. रोग कोणाला द्यायचा हे देवाने ठरवायचे, सुईला विरोध करणे हा आपला धर्म, असे त्याचे म्हणणे. रात्री पथक दार फोडून घरात शिरले. त्याला धरून लस टोचली. झटापट संपल्यावर त्याने वेलीवरची काकडी तोडून पथकापुढे केली. त्याचा युक्तिवाद असा : तुम्ही तुमचे कर्तव्य केले, मी माझे केले, आता तुम्ही माझ्या घरचे पाहुणे आहात.

डॉक्टरांची बाजू लंगडी नव्हती. देवीचा विषाणू माणसाखेरीज कोठे टिकत नाही. रुग्णाभोवतीचे सारे जण टोचले गेले तरच साखळी तुटते. स्वतःपुरते रक्त नाकारणाऱ्या रुग्णाचा प्रश्न वेगळा. या नकाराची किंमत शेजाऱ्याचे मूलही मोजणार होते. म्हणून सक्ती समर्थनीय ठरू शकते, असे आम्हीही मानतो. पण मध्यरात्री दार फोडण्याचे समर्थन त्यातून आपोआप निघत नाही. आणि मुखियाला अडाणी ठरवणे तर मुळीच निघत नाही : श्रद्धा, कर्तव्य आणि आतिथ्य हे तिन्ही त्याच्या लेखी एकच होते. (मराठी अनुवादकाला तिन्हींसाठी ‘धर्म’ हा एकच शब्द पुरावा!)

मे १९८० मध्ये जग देवीमुक्त जाहीर झाले. पुढे १९९५ मध्ये इतिहासकार पॉल ग्रीनो यांनी या मोहिमेतील बळजबरीचा अभ्यास मांडला. अशा सक्तीने मागे उरलेली कटुता पुढच्या लसमोहिमेच्या आड येते, हा त्यांचा इशारा होता.