नर्मदा डायरी

नर्मदा डायरी : आनंद पटवर्धन व सिमंतिनी धुरू यांनी संयुक्तपणे दिग्दर्शित केलेला अनुबोधपट (१९९५). सरदार सरोवर धरणाच्या बुडीत क्षेत्रातील आदिवासींच्या लढ्याचा, दैनंदिनीच्या रूपाने सांगितलेला हा चित्रवृत्तांत आहे.

पटवर्धन यांचा जन्म मुंबईचा (१९५०). अमेरिकेत समाजशास्त्राचे शिक्षण घेऊन परतल्यावर त्यांनी मध्य प्रदेशातील ‘किशोर भारती’ या ग्रामीण प्रकल्पात काम केले. बिहारमधील जनआंदोलनापासून मुंबईच्या झोपडपट्टीवासीयांपर्यंत (हमारा शहर, १९८५) ज्यांच्या जीवनाचा निर्णय इतरेजन परस्पर घेतात, त्यांच्या बाजूने कॅमेरा धरणे हे त्यांच्या कारकिर्दीचे सूत्र होय.

जागतिक बँकेने १९८५ मध्ये सरदार सरोवर प्रकल्पासाठी ४५ कोटी डॉलरचे कर्ज मंजूर केले; परंतु बँकेनेच नेमलेल्या मोर्स समितीने १९९२ मध्ये पुनर्वसनाविषयी प्रतिकूल अहवाल दिला आणि १९९३ मध्ये भारत सरकारने उर्वरित रक्कम नाकारली. चित्रपटाचा काळ याच घडामोडींचा आहे. महाराष्ट्रातील ३३ गावे बुडीत क्षेत्रात येत होती. त्यांपैकी पहिले मणिबेली (तत्कालीन धुळे, आता नंदुरबार जिल्हा). तेथील शूलपाणेश्वराचे प्राचीन मंदिरही जलाशयाखाली गेले.

नर्मदा जलविवाद लवादाच्या १९७९ च्या निवाड्याने खातेदार कुटुंबाला किमान २ हेक्टर जमीन देऊ केली होती. तथापि पिढ्यान्‌पिढ्या वनजमीन कसूनही ज्यांच्या नावे सातबारा नव्हता, ते सरकारदफ्तरी अतिक्रमणदार ठरत. वडोदरा शहरात पुनर्वसनाची मुख्य कचेरी, आणि त्याच जिल्ह्यातील परवेटा येथे मणिबेलीकरांची नवी वसाहत : डोंगरउतारावर विखुरलेली सागवानी घरे मोडून त्यांची लाकडे ज्या सपाटीवर उतरवली गेली, तेथे प्रथम वाट्याला आल्या त्या पत्र्याच्या शेडी. नदीचे मासे, रानातील मोह व तेंदू, पाड्यापाड्यांतील सोयरीक आणि गावदेव यांचा मोबदला कोणत्याही तक्त्यात मांडलेला नव्हता.

चित्रपटाचे महत्त्व नेमके येथे आहे. अंगावर राखेचे ठिपके, डोक्यावर मोरपिसांचा टोप आणि कमरेला वाळलेले भोपळे बांधून ढोलाच्या तालावर नाचणारे सातपुड्यातील आदिवासी पूर्वीच्या अनेक अनुबोधपटांत केवळ नेत्रसुखद दृश्य म्हणून येत. येथे मात्र होळीत नाचणारा माणूसच सभेत, मोर्चात आणि पाण्याच्या काठावर आपल्या तोंडाने आपली बाजू मांडताना दिसत असल्यामुळे त्याचे नृत्य हे त्याच्या भूमीवरील हक्काचे अंग आहे, ही गोष्ट प्रेक्षकाला निराळी सांगावी लागत नाही.

या अनुबोधपटास १९९६ चा फिल्मफेअर पुरस्कार लाभला. पुढे सर्वोच्च न्यायालयाने २००० मध्ये बांधकामास अनुमती दिली आणि १३८.६८ मीटर उंचीच्या धरणाचे लोकार्पण २०१७ मध्ये झाले. काठावरची ती शेते आज पाण्याखाली आहेत. ती कसणाऱ्यांची साक्ष या चित्रपटाने राखून ठेवली आहे.