झाशी पडली ते तास आणि गोडसे भटजींची वही

इंग्रज सेनापती सर ह्यू रोजची फौज २१ मार्च १८५८ रोजी झाशीपुढे येऊन थडकली. २५ तारखेपासून तोफा सुरू झाल्या. शहराला घोडदळाचा वेढा पडला आणि आतला माणूस आतच राहिला. त्या अडकलेल्यांत पेणजवळच्या वरसईचा एक तिशीतला भिक्षुक होता, विष्णुभट गोडसे. घरावर कर्ज झालेले. मथुरेला बायजाबाई शिंदे मोठा यज्ञ करणार, दक्षिणा भरघोस मिळेल, अशी बातमी कोकणात आली आणि १८५७ च्या आरंभी काका रामभटांना बरोबर घेऊन तो पायी निघाला. महूच्या वाटेवरच बंडाने त्याला गाठले. पुढे ग्वाल्हेर आणि मग झाशी. राणीच्या राज्यात विद्वानांना मान होता, ब्राह्मणांची सोय होती, म्हणून मुक्काम लांबला.

याच माणसाने पुढे ‘माझा प्रवास’ लिहिला. कादंबरी त्याने कधी लिहिली नाही, पण झाशीवर कादंबरी लिहिणाऱ्या कुणाचेही या वहीला वळसा घालून भागत नाही. युद्ध स्वतः भोगलेला माणूस लिहायला बसतो तेव्हा नेमके काय होते, हे पाहायला मराठीत याहून चांगले पुस्तक मला माहीत नाही.

मी अंबाजोगाईचा, आणि या गोष्टीत आमच्या मुलखाचाही एक धागा आहे. अंबाजोगाईचे निजामी नाव मोमिनाबाद. निजामाच्या खर्चाने पोसलेल्या आणि इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमात चालणाऱ्या हैदराबाद कंटिन्जंटच्या घोडदळाची एक छावणी इथे होती. झाशीच्या वेढ्यात या कंटिन्जंटचे स्वार होते, पायदळही होते. तटाच्या आत वरसईचा भटजी आणि तटाबाहेर आमच्या मराठवाड्यातल्या छावण्यांतून गेलेली फौज, अशी ती मांडणी होती.

३१ मार्च, अंधार पडल्यावर. हल्ल्याला अजून दोन दिवस आणि काही तास

पूर्वेकडच्या टेकडीवर मोठा जाळ दिसला. राणीच्या मदतीला तात्या टोपे आल्याची ती खूण. इंग्रजांच्या अंदाजाने त्यांच्याबरोबर वीस हजारांवर माणूस होता. तटावरून तोफांची सलामी झाली, आरोळ्या उठल्या.

वेढा पडून दहा दिवस होत आले होते. दिवसा तोफांनी तट फोडायचा आणि रात्री गवंड्यांनी कांबळी पांघरून तो पुन्हा बांधायचा, असा क्रम चालला होता. बायकाही तोफांपाशी दारूगोळा पोचवत होत्या. हे इंग्रजांनीही दुर्बिणीतून पाहिले आणि नोंदवून ठेवले. गोडसे भटजी रात्री आकाशातून जाणारे लाल गोळे पाहत होते. त्यांच्या लिखाणात हे गोळे येतात तेव्हा ते कुठल्या तोफेचे, किती वजनाचे, याची चौकशी नसते. गोळा आपल्या आळीकडे येतो आहे की पलीकडे जातो आहे, एवढाच हिशेब असतो.

१ एप्रिल, पहाट. अठ्ठेचाळीस तास

रोजने धाडस केले. वेढा न उठवता जेमतेम पंधराशे माणूस बाजूला काढला आणि बेतवेच्या बाजूला तात्यांच्या फौजेवर घातला. तात्यांची पहिली फळी फुटली, ती मागे दुसऱ्या फळीवर जाऊन आदळली. माघार झाकण्यासाठी रानाला आग लावली गेली. दुपारपर्यंत सगळे आटोपले आणि तोफा टाकून फौज नदीपार निघून गेली.

शहरात ही बातमी पोचली तेव्हा काय झाले असेल हे समजायला फार कल्पना लागत नाही. आदल्या रात्रीचा जाळ सगळ्यांनी डोळ्यांनी पाहिला होता. सुटका दिसून मग हुकणे हे मुळीच न दिसण्यापेक्षा भयंकर. माझ्या मते झाशी मनातून पडली ती या दुपारी. पुढचे दोन दिवस तट तेवढा उभा होता.

२ एप्रिल, दिवसभर

तटाला खिंडार पडले होते. शिड्या तयार झाल्या. संध्याकाळी हल्ल्याचे हुकूम सुटले.

इथे इंग्रजांच्या कागदांत आणि भटजींच्या वहीत जमीनअस्मानाचा फरक आहे. रोजच्या अहवालात डावी तुकडी, उजवी तुकडी, कुठली पलटण कुठल्या बुरजावर जाणार, सगळे चोख. वहीत शहर आहे. चैत्र चालू आहे, ऊन मी म्हणते आहे. याच महिन्यात वाड्यात चैत्रगौरीचे हळदीकुंकूही झाले, हे आपल्याला भटजींमुळे कळते. एकाच महिन्यात तोफा आणि हळदीकुंकू, हे घरी बसून रचणाऱ्या लेखकाला सुचले असते तर त्याने खोटे वाटेल म्हणून गाळले असते. पाहिलेला माणूस ते बिनधास्त लिहितो, कारण ते तसेच झालेले असते.

३ एप्रिल, पहाटे तीनच्या सुमारास

चैत्र वद्यातली रात्र, चंद्र वर होता. पश्चिमेकडून हुलकावणीचा मारा सुरू झाला, तीच इशारत. शिड्या घेतलेली माणसे तटाकडे धावली. चांदण्यात ती लख्ख दिसत होती. वरून गोळ्या, दगड, ओंडके, जळते बाण. काही शिड्या आखूड पडल्या, काही माणसांच्या भाराने मोडल्या. बॉम्बे इंजिनिअर्सचे डिक आणि मिकलजॉन हे दोघे लेफ्टनंट आधी वर पोचले आणि तिथेच मारले गेले. तेवढ्यात खिंडारातून दुसरी तुकडी आत घुसली आणि तिने तटावरच्यांना बगलेवरून गाठले. उजाडेपर्यंत फौज शहरात होती.

३ एप्रिल, सकाळ

राणी हजार-दीड हजार विलायती, म्हणजे अफगाण शिपाई घेऊन खाली उतरली आणि तलवारी उपसून गोऱ्यांवर गेली. मग पंचाहत्तर वर्षांच्या एका वृद्ध सरदाराने तिला आवरले, असे गोडसे भटजी सांगतात. किल्ल्यात परतल्यावर तिने दारूच्या कोठारावर बसून जाळून घ्यायचे ठरवले, तेव्हाही वडीलधाऱ्याने समजूत घातली, असे ते लिहितात.

हे प्रसंग घडताना भटजी कुठे होते? शहरात, घरात, दाराला अडसर लावून. किल्ल्यातले बोलणे त्यांनी कानांनी ऐकलेले नाही, मागाहून लोकांकडून कळलेले आहे. आणि नेमक्या अशा ठिकाणी त्यांची लेखणी कादंबरीकाराची होते. संवाद येतात, वय येते, हावभाव येतात, वाक्ये लांबतात. ऐकीव गोष्टीला त्यांनी आपल्या मनातला आकार दिला आहे. ती लबाडी नव्हे. आपल्या गावावर ओढवलेल्या संकटाला एक मध्य हवा असतो आणि तो मध्य राणी होती.

३ एप्रिल, दुपार आणि पुढे

आता त्यांच्या स्वतःच्या घराचे दार वाजते, आणि लिखाणाचा पोतच बदलतो.

झाशीत बिजन सुरू झाली होती. दिसेल तो पुरुष मारायचा. आदल्या वर्षीच्या जून महिन्यात जोखनबागेत साठेक इंग्रज पुरुष, बायका आणि मुले कापली गेली होती आणि त्याचा सूड उगवायचा होता. ज्यांच्यावर तो उगवला त्यातल्या बहुतेकांचा जोखनबागेशी काही संबंध नव्हता. लोक गल्लीबोळांत, विहिरींत, गवताच्या गंजींत लपले. हलवाईपुऱ्याला आग लागली. राणीच्या वाड्यातले पोथ्यांचे मोठे भांडार उधळले गेले. जन्मभर पोथ्यांवर पोट भरणाऱ्या माणसाला ते जिव्हारी लागले, हे त्याच्या शब्दांतून कळते.

घरात गोरे शिरले आणि संगिनी रोखून पैसे मागू लागले. हिंडून जमवलेली दक्षिणा, जी वरसईच्या कर्जासाठी होती, ती निघून गेली. जीव वाचला. मग लुटीची पाळी लागली. पहिल्यांदा गोऱ्यांनी रोकड, सोने, चांदी न्यायची. मग देशी पलटणींनी तांब्यापितळेची भांडी. मग कपडे, धान्य, उरलेसुरले. भटजींनी हा क्रम दुकानाची खातेवही लिहावी तसा लिहून ठेवला आहे. इथे विशेषणे कमी आहेत, संवाद जवळजवळ नाहीत, राणी तर कुठेच नाही. कुणाच्या घरातून काय गेले, प्रेते कशी पडली होती, वास कसा येत होता, पाणी कुठून आणायचे. घाबरलेल्या माणसाला एवढेच दिसते, आणि इतक्या वर्षांनी लिहितानाही त्याने त्यात भर घातली नाही.

मला ही पाने सबंध पुस्तकात सर्वांत मोलाची वाटतात. त्यांतला भांड्यांचा तपशील रोजच्या अहवालात नाही, आणि नंतरच्या कादंबऱ्यांनी त्याच्याकडे फारसे पाहिले नाही. त्यांना राणीचा घोडा हवा होता.

४ एप्रिल, रात्र

तो घोडा आता येतो. राणी किल्ल्यातून उतरली, दत्तक मुलगा दामोदर पाठीशी बांधलेला, बरोबर मूठभर स्वार. भांडेरच्या बाजूने बाहेर पडून तिने काल्पीची वाट धरली. वडील मोरोपंत तांबे जखमी होऊन दतियाला पोचले, पकडले गेले आणि फासावर गेले.

५ एप्रिल

किल्ला रिकामा सापडला. राणीच्या पाठलागावर गेला तो हैदराबाद कंटिन्जंटच्या घोडदळाचा लेफ्टनंट डाउकर. भांडेरजवळ त्याला एक तंबू मिळाला, आत अर्धवट टाकलेली न्याहारी. पुढे तो तिला जवळजवळ गाठणार, तोच जखमी झाला आणि मागे राहिला. राणी एका दौडीत शंभर मैलांवर काल्पीला पोचली.

गोडसे भटजींची तिची पुन्हा एकदा गाठ पडली, काल्पीकडच्या वाटेवर, एका विहिरीपाशी. ती पुरुषी वेशात, धुळीने माखलेली, तहानलेली. भटजी पाणी शेंदून द्यायला पुढे झाले. विद्वान ब्राह्मणाकडून ते काम करून घ्यायला ती तयार होईना. तिने स्वतः पाणी काढले आणि ओंजळीने प्यायली. हा प्रसंग डोळ्यांनी पाहिलेला आहे आणि तसाच लिहिलेला आहे, आखूड. किल्ल्यातल्या भाषणांपेक्षा या ओंजळीत राणी जास्त खरी दिसते.

पंचवीस वर्षांनंतर

भटजी गंगेची कावड घेऊन वरसईला परतले आणि आईवडिलांना त्या पाण्याने स्नान घातले. कर्ज फेडायला गेलेला मुलगा रिकाम्या हाताने पण जिवंत आला होता. मग वर्षानुवर्षे ही हकीकत तोंडीच राहिली. बंडात सापडलेल्याने, त्यातून राणीशी बोललेल्याने, कागदावर काही ठेवणे तेव्हा धोक्याचे होते. सुमारे १८८३ मध्ये चिंतामण विनायक वैद्यांनी आग्रह धरला तेव्हा त्यांनी ती लिहून काढली, आणि छापली गेली ती त्यांच्या पश्चात, १९०७ मध्ये. वैद्यांनी भाषा घासूनपुसून घेतली, काही भाग हलवला. मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदारांनी संपादलेली प्रत यायला १९६६ उजाडले. दोन्ही प्रती शेजारी ठेवून वाचल्या की वैद्यांच्या मराठीतून भटजींची धाप किती गेली ते कळते.

वैद्यांनी पुढे पानिपताच्या पार्श्वभूमीवर ‘दुर्दैवी रंगू’ ही कादंबरी लिहिली. डोळ्यांनी पाहिलेल्या युद्धाची वही हाताळलेल्या माणसाला शंभर-दीडशे वर्षांपूर्वीच्या युद्धावर लिहावेसे वाटले, आणि त्यासाठी त्यांनी एका दुर्दैवी बाईचे आयुष्य निवडले, ही जोडणी मला सहज झालेली वाटत नाही. हिंदीत अमृतलाल नागरांनी भटजींची वही ‘आँखों देखा गदर’ म्हणून नेली. वृंदावनलाल वर्मांची ‘झाँसी की रानी’ १९४६ ची, महाश्वेतादेवींचे ‘झाँसीर रानी’ १९५६ चे. महाश्वेतादेवी त्यासाठी स्वतः झाशीला गेल्या, लोकांच्या तोंडची गाणी आणि आठवणी गोळा केल्या. साक्षीदार गेल्यावर लेखकाला त्याच्या वाटेने पायपीट करावी लागते.

मोमिनाबादच्या छावणीने आणखी एक युद्ध पाहिले. सप्टेंबर १९४८ च्या पोलीस ॲक्शनमध्ये, १५ तारखेला भारतीय फौज इथे आली आणि निजामाच्या गोळकोंडा लान्सर्सनी नावापुरता प्रतिकार करून शस्त्रे ठेवली. आधी रझाकारांनी गावे लुटली होती. नंतरच्या दिवसांत मुसलमान वस्त्यांवर जे ओढवले त्याची चौकशी करायला पंडित सुंदरलालांची समिती आली, आणि तिच्या अहवालात बीड जिल्ह्याचे नाव आहे. या आधीच्या आणि नंतरच्या दिवसांवर आपल्याकडे लिहिले जाते तेव्हा पलटणींच्या तारखा आधी येतात, पुढाऱ्यांची नावे त्यानंतर. बळदात लपलेल्या माणसाने काय ऐकले, शेजाऱ्याच्या घरात कुणी कुणाला किती दिवस ठेवून घेतले, भांडी कोण घेऊन गेले, हे लिहिणारा माणूस भटजींसारखा फौजेबाहेरचा, हिशेबी आणि घाबरलेला असावा लागतो. त्या वेळी दहा वर्षांची असलेली मुले आज नव्वदीच्या घरात आहेत. भटजींना वैद्य भेटले ते घटनेला पंचवीस वर्षे झाल्यावर. आपल्याला पाऊणशे वर्षे उलटून गेली आहेत, आणि तरी अंबाजोगाई, केज, परळीच्या वाड्यांतून अजून एखादी म्हातारी त्या दिवसांतले बोलू लागते. तिच्यासमोर वही उघडून बसणारा हवा आहे.