‘उचल्या’ : परतीची वाट नसलेले विस्थापन

विस्थापनाचे साहित्य म्हटले की हरवलेले गाव डोळ्यांसमोर येते. आजच्या पूर्व कॅनडातील फ्रेंचभाषक अकेडियन लोकांना ब्रिटिशांनी १७५५ पासून त्यांच्या भूमीतून हुसकावून लावले. त्यांच्या आठवणी आणि बोली जपणाऱ्या आंतोनीन माये यांच्या ‘पेलाजी-ला-शारेत’ (१९७९) या कादंबरीत एक विधवा बैलगाडी जुंपून मायभूमीकडे परत निघते. विश्वास पाटील यांच्या ‘झाडाझडती’त (१९९१) धरणाने गिळलेले गाव आहे. दोन्हीकडे स्मृतीला वळून पाहण्यासाठी एक ठिकाण आहे.

लक्ष्मण गायकवाड यांच्या ‘उचल्या’त (१९८७) असे ठिकाण नाही. त्यांचे धनेगाव आज लातूर जिल्ह्यात आहे. १९८२ साली लातूर वेगळा होईपर्यंत धनेगाव आणि तेरखेडा एकाच उस्मानाबाद जिल्ह्यात होते. म्हणजे हा आपल्याच मुलखाचा इतिहास आहे. मात्र पाथरुट, टकारी, भामटा, उचल्या अशा नावांनी ओळखल्या गेलेल्या या समाजाला कोणत्याच गावाने आपले म्हटले नाही.

या परकेपणाला कायद्याचे बळ मिळाले. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने जमातीच्या जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या. नावनोंदणी, पोलिसांकडे हजेरी, परगावी जाण्यावर बंधने आणि पुढे सोलापूरसारख्या ठिकाणी तारेच्या कुंपणातील ‘सेटलमेंट’ असा हा क्रम होता. निजामी मुलखातील लोकांचीही हजेरीच्या जाचातून सुटका नव्हती. गायकवाडांच्या कथनात आजोबांची हजेरी येते ती याच मुलखातली. परवानगीवाचून हलायचे नाही, आणि जमीन किंवा काम देऊन स्थिर होऊ द्यायचे नाही, अशी ही दुहेरी कोंडी होती. जागच्या जागी घडणारे हे विस्थापन कायदा १९५२ साली रद्द झाल्यावरही थांबले नाही. वस्तीतला मुलगा शाळेत जाऊ लागतो, मुलांना जुलाब-उलट्या होतात आणि वस्तीच दोष शाळेला देते, या प्रसंगात बाहेरच्या जगाविषयीची भीती किती खोल रुजली होती हे दिसते.

येथे एक तुलना उपयोगी ठरते. मुंबई इलाख्यातील ‘गुन्हेगार वर्गां’वर एम. केनेडी या पोलीस अधिकाऱ्याचे पुस्तक १९०८ साली निघाले. उचल्यांच्या चोरीच्या पद्धती त्यातही आहेत आणि गायकवाडांकडेही आहेत. तपशील पुष्कळदा सारखाच वाटतो. परंतु पोलिसी नोंद चोरीपासून सुरू होते, तर आत्मकथन चुलीपासून आणि रिकाम्या पोटापासून. पोलिसांचा मार सोसता यावा म्हणून घरातच मुलांना मारून तयार केले जाते, हे केनेडीच्या लेखी प्रशिक्षण आहे. गायकवाडांच्या लेखी ते बालपण आहे. म्हणून जातीच्या व्यवसायाची ही माहिती उघड करणे म्हणजे आपल्याच माणसांविरुद्ध साक्ष देणे ठरत नाही. दप्तरातील आरोपपत्राला आरोपीच्या भाषेत दिलेले ते उत्तर आहे.

‘उचल्या’ला १९८८ साली साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. वर्गात ते बहुधा आत्मकथनाच्या प्रकरणात शिकवले जाते, आणि चर्चा अनुभवाच्या दाहकतेवर संपते. ते १८७१ च्या कायद्याशेजारी ठेवून, त्या काळाचे दप्तर म्हणून वाचले पाहिजे. ज्यांना परतायला भूमी नाही, त्यांच्या इतिहासाची दुसरी बाजू बहुधा अशा कथनांतच नोंदलेली असते.